स्वप्नात चावी, दोरी, कमीज दिसली तर ताबीर कशी काढायची

स्वप्नात चप्पल हरवली, चावी सापडली, कोणीतरी दुधाचा ग्लास हातात दिला, की सकाळी उठल्याउठल्या मोबाईलवर 'ख्वाब में चावी देखना' टाकून बघायचं, ही सवय आता घराघरात झालीये. आणि मग दहा ठिकाणी दहा अर्थ, एकीकडे चावी म्हणजे नोकरी, दुसरीकडे लग्न, तिसरीकडे कर्ज फिटणार. इस्लामी परंपरेत ताबीर सांगणारे, म्हणजे स्वप्नाचा अर्थ लावणारे, जुने लोक वस्तूसमोर अर्थ लिहिलेल्या अशा नुसत्या रेट लिस्टवर थांबायचे नाहीत, ते आधी बऱ्याच गोष्टी विचारायचे. त्या कोणत्या ते सांगतो.

सगळ्यात आधी बघायचं की स्वप्न ताबीर काढण्यासारखं आहे का. हदीसमध्ये, म्हणजे पैगंबर साहेबांच्या वचनांत आणि आठवणींत, स्वप्नं तीन प्रकारची सांगितलीयेत, अल्लाहकडून आलेली खुशखबर, शैतानाने घाबरवायला दाखवलेलं, आणि माणूस दिवसभर स्वतःच्या मनाशी जे बोलतो तेच रात्री दिसणं. ताबीर फक्त पहिल्याची. म्हणजे पुढच्या आठवड्यात फ्लॅटचा ताबा मिळणार आहे आणि रात्री चावी दिसली तर तो तिसरा प्रकार, चहा प्या आणि कामाला लागा. माझ्या मते आपली निम्म्याहून जास्त स्वप्नं इथेच निकालात निघतात.

दुसऱ्या प्रकारचं म्हणजे भीतीदायक स्वप्न पडलं तर काय करायचं तेही स्पष्ट सांगितलंय: डाव्या बाजूला तीनदा हलकंसं थू-थू करायचं, शैतानापासून अल्लाहची पनाह (आसरा) मागायची, कूस बदलायची, वाटलं तर उठून नमाज पढायची, आणि कोणालाही सांगायचं नाही. एक जण पैगंबर साहेबांकडे (स.) आला, म्हणाला माझं डोकं कापलं गेलं आणि ते घरंगळत चाललंय आणि मी त्याच्या मागे पळतोय असं दिसलं, तर त्याला अर्थ वगैरे काही सांगितला नाही, शैतान झोपेत तुझ्याशी खेळला तर ते लोकांना सांगत फिरू नकोस एवढंच सांगितलं. त्यामुळे दात पडले, साप दिसला, कोणी मेलेलं दिसलं म्हणून सकाळी फॅमिली ग्रुपवर टाकणारे जे लोक आहेत त्यांनी हे जरा मनावर घ्या.

चांगलं स्वप्नही सगळ्यांना सांगायचं नसतं, जो आपलं भलं चिंततो किंवा ज्याला यातलं कळतं त्यालाच. हदीसमध्ये म्हटलंय की ताबीर होईपर्यंत स्वप्न पक्ष्याच्या पायाला लटकलेलं असतं, सांगितलं की पडतं, म्हणजे खरं होतं. म्हणून कोणीही उठून काहीही अर्थ लावावा हे जुन्या लोकांना चालायचं नाही.

आता वस्तू. सुरुवात अशा वस्तूंपासून करायची ज्यांचा अर्थ खुद्द पैगंबर साहेबांनी सांगितलाय, कारण तिथे अंदाजाचा प्रश्नच नाही. दूध: त्यांना स्वप्नात दूध मिळालं, ते पोटभर प्यायले आणि उरलेलं हजरत उमरना (त्यांचे साथी, पुढे मुस्लिमांचे दुसरे खलिफा म्हणजे प्रमुख) दिलं, अर्थ विचारला तर म्हणाले इल्म, म्हणजे ज्ञान. कमीज: लोक समोर आणले जातायत, कोणाची कमीज छातीपर्यंत, कोणाची त्याहून खाली, आणि हजरत उमरची इतकी लांब की जमिनीवर घासतेय, तर अर्थ सांगितला दीन, म्हणजे धर्मनिष्ठा. गंमत बघा, जागेपणी कपडा जमिनीवर लोळवत चालणं चांगलं मानत नाहीत पण स्वप्नात तेच कौतुकाचं झालं, म्हणजे जागेपणीचे नियम सरळ उचलून स्वप्नाला लावता येत नाहीत हे इथेच कळतं. सोन्याची कडी: दोन कडी हातात दिसली, मन खट्टू झालं, फुंकर मारायचा हुकूम झाला आणि ती उडून गेली. अर्थ, नबी असल्याचा खोटा दावा करणारे दोघे, यमनचा अस्वद अन्सी आणि यमामाचा मुसैलिमा. पुरुषाच्या हातात सोन्याची कडी म्हणजे जिथे नको तिथे असलेली वस्तू, आणि खोटं म्हणजे तरी काय, नको त्या जागी ठेवलेलं बोलणं, असं आलिम लोक, म्हणजे धर्मपंडित, समजावतात.

मला सगळ्यात आवडतं ते पोहऱ्याचं स्वप्न. विहिरीवर आधी पैगंबर साहेब पाणी काढतायत, मग हजरत अबू बकर (पुढचे पहिले खलिफा) पोहरा घेतात, एक-दोन पोहरे काढतात आणि त्यात थोडा अशक्तपणा दिसतो, मग तोच पोहरा हजरत उमरच्या हातात जाताच मोटेएवढा मोठा होतो आणि ते इतकं पाणी उपसतात की लोकांचे उंटसुद्धा पिऊन तृप्त होतात. पुढे झालंही तसंच, अबू बकरची खिलाफत जेमतेम दोन वर्षांची, ६३२ ते ६३४, आणि उमरची ६४४ पर्यंत म्हणजे दहा वर्षं. इथे नुसतं 'पोहरा म्हणजे सत्ता' एवढंच पाठ केलं तर काहीच हाती लागत नाही, कोणी धरला, किती वेळा काढला, लहानाचा मोठा झाला का, सगळा अर्थ त्यातच आहे. म्हणून स्वप्न लिहून ठेवायचं असेल तर वस्तूचं नाव लिहून थांबू नका, तिची अवस्था लिहा. फाटकी होती का, कोणी दिली, हातात राहिली का निसटली.

वस्तू शरीरावर कुठे होती हेही बघायचं. लोखंडी बेडी पायात दिसली तर जुन्या लोकांना ती आवडायची, दीनवर पाय घट्ट रोवलेत असा अर्थ, पण तेच लोखंड गळ्यात दिसलं तर वाईट मानायचे कारण कुरआनात गळ्यातले जोखड जहन्नमवाल्यांच्या, म्हणजे नरकातल्या लोकांच्या, वर्णनात येतात. लोखंड तेच, फक्त वर सरकलं.

जिथे हदीसमध्ये थेट अर्थ नाही तिथे कुरआनात ती वस्तू कशी आलीये ते शोधतात. दोरी म्हणजे अल्लाहशी केलेला करार, कारण 'अल्लाहची दोरी घट्ट धरा' अशी आयत, म्हणजे कुरआनातलं वचन, आहे. कपडा म्हणजे नवरा किंवा बायको, कारण 'त्या तुमचा पोशाख आणि तुम्ही त्यांचा' असं सूरह बकरा या अध्यायात आहे (वर कमीज म्हणजे दीन म्हटलं आणि इथे जोडीदार, हो, दोन्ही चालतात, कोणता घ्यायचा ते पुढे बघू). होडी किंवा जहाज म्हणजे सुटका, कारण हजरत नूह जहाजातून महापुरातून वाचले. भिंतीला टेकून ठेवलेली लाकडं म्हणजे मुनाफिक, आत एक बाहेर एक असलेले लोक. काचेची भांडी म्हणजे बायका, हे हदीसवरून, कारण बायका बसलेले उंट जोरात हाकणाऱ्याला पैगंबर साहेब म्हणाले होते की जरा हळू, काचेची भांडी आहेत. चावी बहुतेक वेळा चांगलीच, जमिनीच्या खजिन्यांच्या चाव्या माझ्या हातात ठेवल्या गेल्या असं पैगंबर साहेबांचंच स्वप्न आहे. झाडू, सुई, चाळणी, चप्पल यांचे अर्थ नंतरच्या पुस्तकांतले आहेत, चप्पल म्हणजे कुठे बायको, कुठे प्रवास, वाचायला मजा येते पण त्यावर फार वजन टाकू नका.

आता खरा प्रश्न, स्वप्न कोणाला पडलं. बसऱ्याचे (इराकमधलं शहर) इब्न सीरीन, ताबीर सांगण्यासाठी नावाजलेले, धंद्याने कापडवाले, ७२९ च्या सुमारास वारले, त्यांचा एक किस्सा फार सांगितला जातो. एक माणूस आला, म्हणाला मी स्वप्नात अजान देत होतो, ते म्हणाले तू हजला जाशील. दुसरा आला, तेच स्वप्न, त्याला म्हणाले तुझा हात चोरीत कापला जाईल. बसलेले लोक चक्रावले. तर पहिला नेक दिसत होता, त्याला 'लोकांमध्ये हजची घोषणा कर' ही आयत लागू केली, दुसऱ्याचा रंगढंग ठीक वाटला नाही, त्याला सूरह यूसुफमधली 'काफिलेवाल्यांनो, तुम्ही चोर आहात' ही पुकार लागू केली. कपड्याचंही असंच, लग्न ठरत असलेल्या पोरीला नवा कपडा दिसला तर जोडीदाराकडे बघा, नमाज सुटलेल्या माणसाला फाटकी कमीज दिसली तर दीनकडे बघा. आणि हो, बाजारात इब्न सीरीनच्या नावाने जो ख्वाबनामा, म्हणजे स्वप्नांच्या अर्थांचं पुस्तक, मिळतो तो त्यांनी लिहिलेला नाही, अभ्यासक तो बऱ्याच नंतरचा मानतात. दमास्कसच्या अब्दुल गनी नाबुलुसींचं (१६४१ ते १७३१) पुस्तक मात्र त्यांचंच, अक्षरवार लावलेलं.

मनासारखा अर्थ लावून घेणं हा मोठा धोका. टिपू सुलतान आपली स्वप्नं फारसीत स्वतः लिहून ठेवायचा, ३७ स्वप्नांची ती वही आज लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहे. मराठ्यांच्या छावणीवर रात्री छापा घालायच्या आधी त्याला एक पुरुषी वेशातला तरुण दिसला, पगडीतून केस सुटले तर ती निघाली बाई. त्याने अर्थ काढला की मराठे नुसते कपड्यांनी पुरुष आहेत. १७८७ मध्ये गजेंद्रगडच्या तहात त्याच मराठ्यांना खंडणी कबूल करून बदामी परत द्यावी लागली.

आणि चूक तर मोठमोठ्यांचीही होते. ढगातून तूप आणि मध टपकतंय, लोक ओंजळी भरतायत, आकाशातून एक दोरी लटकतेय, असं स्वप्न कोणीतरी सांगितलं तेव्हा हजरत अबू बकरनी परवानगी मागून ताबीर केली, तर पैगंबर साहेब म्हणाले काही बरोबर आहे, काही चुकलंय. काय चुकलं ते मात्र विचारूनही सांगितलं नाही.

जाता जाता इस्तिखाराचं, म्हणजे काही ठरवण्याआधी अल्लाहकडे मार्गदर्शन मागण्याचं. आपल्याकडे इस्तिखारा करून लोक स्वप्नाची वाट बघत बसतात, हिरवं पांढरं दिसलं तर स्थळाला हो, काळं लाल दिसलं तर नाही. हदीसमध्ये दोन रकात नमाज आहे आणि एक दुआ आहे, स्वप्नाचा उल्लेखच नाही. दुआ करायची, माणसांना विचारायचं, मुलाची चौकशी करायची आणि काय ते ठरवायचं. स्वप्न नाही पडलं म्हणून चांगलं स्थळ लटकवून ठेवू नका, आणि काळा पडदा दिसला म्हणून कोणाला नकारही कळवू नका.