प्राध्यापक भरतीत डावललं म्हणून रिट (हायकोर्टातली याचिका) टाकताय? आधी हे वाचा

मी सोलापूरचा, सेट (प्राध्यापक व्हायची पात्रता परीक्षा) पास, सात वर्षं सीएचबीवर (तासाप्रमाणे मानधन) तास घेतोय. एका विद्यापीठाच्या असिस्टंट प्रोफेसर भरतीत (नाव सांगत नाही, तुम्हीपण नका विचारू) यादीतच नाव नाही म्हटल्यावर डोकंच फिरलं, रात्रभर बसून अडतीस मुद्दे टाइप केले, निवड झालेल्या उमेदवाराचे पेपर कुठल्या भुक्कड जर्नलमधे आलेत, माझे किती भारी आहेत, सगळं. कोर्टासमोरच्या झेरॉक्सवाल्याकडून प्रिंट काढून वकील मॅडमकडे नेलं. त्यांनी चहा येईपर्यंत पेनाने छत्तीस मुद्दे खोडले.

"सर, तुम्ही हुशार आहात हे जजला सांगून काय उपयोग? ते काय इंटरव्ह्यू घेणारेत का तुमचा?"

नवीन लोकांचं इथंच चुकतं. रिट असते राज्यघटनेच्या कलम 226 खाली, त्यात हायकोर्ट अपील ऐकत नाही, कोणाचा पीएचडीचा विषय चांगला हे ठरवत नाही. म्हैसूर विद्यापीठाच्या केसमधे 1963 लाच सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की तज्ज्ञांच्या मतात कोर्टाने सहसा पडू नये. निर्णय कसा घेतला तेवढं बघतात: नियम पाळले का, पात्रता नसलेला घेतला का, कमिटी नीट बसवली होती का, कोणी नातेवाईक होता का.

माझे उरलेले दोन मुद्दे माहितीच्या अधिकारातल्या कागदांवर होते. 10 रुपयांचा स्टॅम्प लावून अर्ज केला, 30 दिवस संपता संपता गुणतक्ता आला. त्यात शेवटच्या कॉलममधे 'मुलाखतीत किमान 25 गुण' असं होतं. जाहिरातीत हे कुठंच नव्हतं! मला होते 23. सुप्रीम कोर्टाची मंजुश्री केस, 2008, खेळ सुरू झाल्यावर नियम बदलायचे नाहीत, मॅडमनी लगेच सांगितलं. (नोव्हेंबर 2024 मधे सुप्रीम कोर्टाच्याच पाच जजच्या बेंचनेपण तेच धरलंय, फक्त मूळ नियमात किंवा जाहिरातीत तशी मुभा असेल तर गोष्ट वेगळी, म्हणून जाहिरात शेवटच्या ओळीपर्यंत वाचा.)

कमिटीबद्दल आधीच शंका असेल तर इंटरव्ह्यूच्या आधी लेखी हरकत द्या. गप बसून इंटरव्ह्यू दिला आणि नापास झाल्यावर बोंब मारली तर मदनलाल केस, 1995, तोंडावर मारतात. माझ्याही वेळी मारली, पण तो किमान गुणांचा कॉलम मला नंतर कळला म्हणून निभावलं. आणि उशीर करू नका, वर्षभराने जाल तर पहिला प्रश्न तोच. विद्यापीठ-कॉलेज न्यायाधिकरणाच्या नादाला लागू नका, ते नोकरीत असलेल्यांसाठी, बडतर्फी वगैरे, उमेदवाराचं तिथं काम नाही.

मी मुंबईला सिद्धेश्वर एक्सप्रेसने रात्री बसून किती खेपा केल्या मोजल्या नाहीत. ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच झालंय, सोलापूर त्यातच येतं, तुमचं तेवढं तरी वाचलं.

सगळ्यात जड गेलं ते वेगळंच. ज्याची निवड झाली त्याला केसमधे पार्टी (प्रतिवादी) करावंच लागतं, त्याला न ऐकता त्याची नेमणूक हलत नाही. तो माझ्या ओळखीचा, सेमिनारला एका ताटात जेवलेलो, आणि आता रिस्पॉन्डंट नंबर चार म्हणून त्याचं नाव मीच टाइप केलं. नोटीस मिळाल्यावर त्याचा फोन आला, "सर, आधी सांगितलं असतं तर बरं झालं असतं" एवढंच बोलला. मला काही सुचलं नाही.

चौदा महिन्यांनी ऑर्डर झाली: ती अट काढून यादी परत लावा. नोकरी द्या असं कोर्ट सहसा म्हणत नाही, यादीत नाव आलं तरी नेमणुकीचा पक्का हक्क नसतो हे 1991 पासून ठरलेलंच आहे. नवीन यादीत तो पहिलाच राहिला, मी वेटिंगला एक नंबरवर. मग मीच त्याला फोन केला, अभिनंदन म्हणालो, तो म्हणाला आता तरी चहाला या. अजून गेलो नाही.