मॉड मॅनेजरमधील फोल्डरची जागा बदलताना या चुका टाळा

दिवाळीच्या सुट्टीत नाशिकच्या सातपूरहून भाच्याचा फोन आला. "मामा, गेम सुरू होतोय, आतले सगळे मॉडही दिसतायत, पण व्हॉर्टेक्स म्हणतंय की मॉडचं फोल्डरच सापडत नाही. आणि एवढं करून सी ड्राइव्हवर जागाही मोकळी झाली नाही." मॉड म्हणजे गेममध्ये बदल किंवा भर घालणाऱ्या फाइली, आणि त्या बसवणारा व सांभाळणारा प्रोग्रॅम म्हणजे मॉड मॅनेजर; व्हॉर्टेक्स हा त्यांपैकीच एक. सी ड्राइव्ह भरत आला म्हणून त्याने नवी एसएसडी बसवून घेतली होती आणि मॉडचे सुमारे ६० जीबीचे फोल्डर नेहमीच्या सवयीने कट करून नव्या डी ड्राइव्हवर पेस्ट केले होते. फोटोंचे फोल्डर असते तर यात काहीच बिघडले नसते. मॉड मॅनेजरच्या बाबतीत मात्र हीच कृती सर्वांत महागात पडते, आणि इंदिरानगरमधील ओळखीच्या मुलांनी माझ्याकडे आणलेल्या अडचणींपैकी बहुतेकांचे मूळ मला याच एका कृतीत सापडले आहे.

भाच्याने सांगितलेल्या तिन्ही गोष्टी, म्हणजे गेम चालणे, मॅनेजरला फोल्डर न सापडणे आणि जागा मोकळी न होणे, एकमेकींशी विसंगत वाटतात. प्रत्यक्षात तिन्हींचे कारण एकच आहे, आणि ते समजून घेतले की पुढच्या बहुतेक चुका आपोआप टळतात.

एकाच फाइलची दोन नावे

व्हॉर्टेक्स मॉडच्या फाइली गेमच्या फोल्डरमध्ये कॉपी करत नाही. उतरवलेले मॉड तो आधी स्वतःच्या एका वेगळ्या फोल्डरमध्ये उघडून ठेवतो. यालाच स्टेजिंग फोल्डर म्हणतात. त्यानंतर आपण 'डिप्लॉय' म्हटले की तेथील प्रत्येक फाइलचे एक दुसरे नाव तो गेमच्या फोल्डरमध्ये तयार करतो. या दुसऱ्या नावाला हार्डलिंक म्हणतात. डिस्कवर मजकूर एकदाच असतो, पण त्याच्याकडे जाणारी दारे दोन असतात, आणि त्यांतले कोणतेही दार मूळ किंवा दुय्यम नसते. एक दार बंद केले तरी दुसरे उघडे असेपर्यंत मजकूर जागेवरच राहतो.

भाच्याच्या बाबतीत नेमके हेच घडले होते. डी ड्राइव्हवर पेस्ट झाली ती ६० जीबीची संपूर्ण स्वतंत्र प्रत होती. सी ड्राइव्हवरचे स्टेजिंगमधील नाव पुसले गेले, तरी गेमच्या फोल्डरमधील नाव शाबूत असल्यामुळे मजकूर तेथेच राहिला. म्हणून गेम पूर्वीसारखाच चालत होता, जागा जवळजवळ काहीच सुटली नव्हती आणि मॅनेजर मात्र जुन्या पत्त्यावर जाऊन रिकाम्या हाताने परत येत होता. गेम सुरळीत चालतो आहे म्हणजे हलवाहलव यशस्वी झाली, असा निष्कर्ष काढणे ही त्यामुळे पहिली आणि सर्वांत फसवी चूक ठरते.

हार्डलिंकला दोन अटी आहेत आणि त्या विंडोजच्या फाइल व्यवस्थेतून येतात, मॅनेजरच्या इच्छेतून नव्हे. पहिली अट अशी की दोन्ही नावे एकाच ड्राइव्हवर, नेमके सांगायचे तर एकाच पार्टिशनवर असावी लागतात. एकाच डिस्कचे सी आणि डी असे दोन भाग केलेले असतील, तरी त्यांच्यामध्ये हार्डलिंक होत नाही. दुसरी अट ड्राइव्हच्या फॉरमॅटची आहे. तो एनटीएफएस असावा लागतो. एक्सफॅट किंवा फॅट३२ चालत नाही. बाहेरून जोडायच्या अनेक डिस्क एक्सफॅट फॉरमॅटमध्ये मिळतात, त्यामुळे तशा डिस्कवर गेम आणि मॉड दोन्ही ठेवूनही डिप्लॉय होत नाही. ड्राइव्हवर उजवे क्लिक करून 'प्रॉपर्टीज' उघडल्यास फाइल सिस्टीमच्या ओळीत हे लगेच दिसते. फॉरमॅट बदलताना डिस्कवरील सर्व काही पुसले जाते, म्हणून ही खात्री फाइली हलवण्यापूर्वीच करून घ्यावी.

वेगवेगळ्या ड्राइव्हसाठी सिमलिंक, म्हणजे फाइलच्या पत्त्याकडे नुसते बोट दाखवणारी खूण, हा दुसरा मार्ग व्हॉर्टेक्समध्ये आहे, पण त्यासाठी विंडोज सहसा प्रशासकाची परवानगी मागते. गेम आणि स्टेजिंग एकाच ड्राइव्हवर ठेवणे शक्य असेल, तर या वाटेला न जाणे बरे, असे माझे मत आहे.

हलवण्याचे काम मॅनेजरलाच सांगावे

व्हॉर्टेक्सच्या सेटिंगमध्ये 'मॉड्स' या भागात स्टेजिंगचा मूळ पत्ता लिहिलेला असतो. तेथे नवा पत्ता देऊन 'अप्लाय' दाबले की मॅनेजर आधी गेममधील सर्व लिंक काढून घेतो, मग फाइली नव्या जागी नेतो आणि स्वतःच्या नोंदी बदलतो. शेवटी आपण एकदा डिप्लॉय करायचे असते. पत्ता काय द्यावा हे सुचत नसेल तर शेजारीच 'सजेस्ट' हे बटण आहे; ते गेम ज्या ड्राइव्हवर आहे त्याच ड्राइव्हवरची जागा सुचवते.

येथे काही जण नवे फोल्डर आधीच तयार करून त्यात फाइली टाकून ठेवतात, म्हणजे मॅनेजरचे काम हलके होईल असे त्यांना वाटते. व्हॉर्टेक्सला नवी जागा रिकामीच हवी असते आणि भरलेले फोल्डर तो नाकारतो. गेमच्या फोल्डरच्या आत किंवा व्हॉर्टेक्सचा प्रोग्रॅम जेथे बसवला आहे त्या फोल्डरच्या आत स्टेजिंग ठेवूही देत नाही. हे नकार म्हणजे अडवणूक नव्हे; गेमच्या पोटात मॉडचे कोठार ठेवले, तर गेम काढून टाकताना कोठारही जाण्याची भीती असते.

'पर्ज' या शब्दाने मात्र नवी मुले उगाच घाबरतात. सर्व मॉड नष्ट होतील या भीतीने ती हे बटण दाबत नाहीत आणि मग गेमच्या फोल्डरमधून एकेक फाइल हाताने काढत बसतात. पर्ज केल्याने फक्त गेमच्या बाजूची दारे बंद होतात. स्टेजिंगमधले मॉड जसेच्या तसे राहतात आणि पुन्हा डिप्लॉय करताच परत लागतात. हाताने फाइली काढताना गेमच्या स्वतःच्या फाइली जाण्याचा धोका कितीतरी मोठा आहे.

आणखी एक गोंधळ स्टेजिंग आणि डाउनलोड या दोन फोल्डरांचा होतो. स्टेजिंगचा पत्ता प्रत्येक गेमसाठी वेगळा असतो, तर उतरवलेल्या झिप किंवा सेव्हन-झेड फाइलींचे डाउनलोड फोल्डर सर्व गेमसाठी एकच असते आणि त्याची सेटिंग वेगळ्या भागात आहे. एक बदलल्याने दुसरे बदलत नाही. जागेचीच अडचण असेल तर डाउनलोड फोल्डर जुन्या, संथ हार्ड डिस्कवर खुशाल न्यावे. मॉड बसवताना किंवा पुन्हा बसवतानाच त्याची गरज लागते, खेळताना नाही. ते पुसून टाकण्याचा मोह मात्र आवरावा. मॉडचे लेखक कधी कधी जुन्या आवृत्त्या काढून घेतात, आणि आपली झिप फाइल तेवढी शेवटची प्रत उरते.

गेमही हलवायचा असेल तर

सी ड्राइव्ह खरोखर मोकळा करायचा असेल तर गेम आणि स्टेजिंग दोन्ही न्यावे लागतात, आणि येथे क्रम चुकला की सगळे चुकते. आधी व्हॉर्टेक्समध्ये पर्ज करावे. त्यानंतर, गेम जेथून घेतला त्या स्टीम या ॲपमध्ये, गेमच्या 'प्रॉपर्टीज'मधून 'इन्स्टॉल्ड फाइल्स' येथे जाऊन गेम नव्या ड्राइव्हवर हलवावा. मग व्हॉर्टेक्सला गेमची नवी जागा दाखवावी, स्टेजिंगचा पत्ता त्याच ड्राइव्हवर द्यावा आणि शेवटी डिप्लॉय करावे. पर्ज न करता गेम हलवल्यास लिंक तुटतात, त्यांच्या जागी खऱ्याखुऱ्या फाइली तयार होऊ शकतात, आणि मग गेमची कोणती आणि मॉडची कोणती हे वेगळे करणे अतिशय किचकट होते.

गेम 'प्रोग्रॅम फाइल्स'मध्ये असेल तर या निमित्ताने तो तेथून बाहेर काढणे योग्यच ठरते, कारण त्या फोल्डरवर विंडोजचे जादा संरक्षण असते आणि मॉडच्या साधनांना तेथे लिहिताना अडथळे येतात. २०१६ साली आलेल्या स्कायरिमच्या स्पेशल एडिशनसारख्या गेममध्ये ही अडचण वारंवार दिसते. सेव्ह फाइली 'डॉक्युमेंट्स'मधील 'माय गेम्स'मध्ये राहतात. गेम हलवल्याने त्या हलत नाहीत, पण खबरदारी म्हणून त्यांची एक प्रत आधीच काढून ठेवावी.

नव्या फोल्डरचे नाव ठेवताना मराठी वापरकर्त्यांनी एक विशेष काळजी घ्यावी. आपल्या भाषेत नाव देण्याची इच्छा मला पूर्णपणे समजते, आणि विंडोजला देवनागरी नाव अजिबात जड जात नाही. पण मॉडसोबत वापरली जाणारी अनेक जुनी साधने युनिकोडपूर्व पद्धतीने लिहिलेली आहेत, आणि त्या जुन्या पद्धतीत विंडोजकडे देवनागरीसाठी कोडपेजच, म्हणजे अक्षरांचा तक्ताच, नव्हते. त्यामुळे 'मॉड्स' असे देवनागरीत लिहिलेले फोल्डर त्या साधनांना प्रश्नचिन्हांच्या रांगेसारखे दिसते आणि ती फाइल सापडत नसल्याची तक्रार करतात. विंडोजच्या खात्याचे नाव देवनागरीत असेल, तर मॅनेजरचे मूळ फोल्डरही त्याच नावाच्या आत असल्यामुळे तेथेही हेच घडू शकते. नाव रोमन अक्षरांत आणि छोटे असावे, आणि फोल्डर ड्राइव्हच्या मुळाशीच असावे, कारण विंडोजमधील २६० अक्षरांच्या पत्त्याची जुनी मर्यादा खोल फोल्डर असलेले मॉड सहज ओलांडतात.

वनड्राइव्ह या मायक्रोसॉफ्टच्या ऑनलाइन साठवणीला जोडलेल्या 'डॉक्युमेंट्स' किंवा 'डेस्कटॉप'वर स्टेजिंग ठेवू नये. हजारो बारीक फाइली सतत वर चढत राहतात, आणि जागा वाचवण्यासाठी त्यांतील काही संगणकावरून काढूनही घेतल्या जातात.

विजेबद्दलही सांगायला हवे. दोन ड्राइव्हमधील हलवाहलव म्हणजे आधी कॉपी आणि मग पुसणे, आणि मोठ्या संग्रहाला त्यासाठी बराच वेळ लागतो. मे महिन्याच्या अखेरीस वळवाचा पाऊस सुरू झाला की नाशिकमध्ये संध्याकाळी वीज जाणे नवे नाही. माझ्या घरी यूपीएस नसताना एकदा अर्ध्यावर काम तुटले आणि फाइली दोन ठिकाणी विखुरल्या. डेस्कटॉप असेल तर हे काम सकाळी करावे, लॅपटॉप असेल तर बॅटरी पूर्ण भरून करावे, आणि शक्य असेल तर व्हॉर्टेक्समध्ये स्थितीचा बॅकअप आधी घ्यावा.

मॉड ऑर्गनायझर २ वापरणाऱ्यांसाठी

येथे नियम जवळजवळ उलटे आहेत, म्हणून एका मॅनेजरचा सल्ला दुसऱ्याला लावू नये. मॉड ऑर्गनायझर २ गेमच्या फोल्डरमध्ये लिंक करत नाही. गेम त्याच्यामार्फत सुरू केला की तो मॉडच्या फाइली जणू गेममध्येच आहेत असा आभास उभा करतो. त्यामुळे मॉड वेगळ्या ड्राइव्हवर असले तरी चालते, आणि खेळताना ते तेथूनच वाचले जात असल्यामुळे तो ड्राइव्ह वेगवान असणे चांगले. मात्र पत्ता बदलल्यावर हा मॅनेजर फाइली स्वतः हलवत नाही. तो पूर्ण बंद करून 'मॉड्स', 'डाउनलोड्स', 'प्रोफाइल्स' आणि 'ओव्हरराइट' ही चारही फोल्डरे आधी हलवावीत आणि मग सेटिंगमधील 'पाथ्स'मध्ये नवा पत्ता लिहावा. हा क्रम उलटा केल्यास यादी रिकामी दिसते, आणि तशा स्थितीत काही बदल झाल्यास मॉडचा काळजीपूर्वक लावलेला क्रम गमावला जाऊ शकतो. 'प्रोफाइल्स'ची प्रत त्यासाठीच काढून ठेवावी. बाहेरची साधने जोडलेली असतील तर त्यांचे पत्ते वेगळे तपासावे लागतात.

चूक होऊन गेली असेल तर

स्टेजिंग फोल्डर सापडत नसल्याची सूचना येते तेव्हा 'रिइनिशियलाइज' हा पर्याय घाईने निवडू नये. त्याने नवे रिकामे फोल्डर तयार होते आणि आधीच्या सर्व मॉडच्या नोंदी जातात. मॅनेजर बंद करून हलवलेले फोल्डर आहे त्याच नावाने जुन्या जागी परत ठेवावे. बाहेरची डिस्क जोडल्यामुळे ड्राइव्हचे अक्षर बदलले असेल, तर 'डिस्क मॅनेजमेंट'मधून ते पूर्ववत करावे. एवढ्याने बहुतेक वेळा काम भागते. त्यानंतर पर्ज करून हलवाहलव नीट मार्गाने करता येते.

फोल्डर पूर्णपणे पुसले गेले असेल, तरी गेमच्या बाजूचे दार अजून उघडे असते, म्हणून पर्ज किंवा गेमची पुनर्स्थापना काहीही करू नये. फाइली बाहेरून बदलल्याची खिडकी व्हॉर्टेक्सने उघडली, तर पुसलेली फाइल परत आणण्याचा पर्याय निवडावा. गेमच्या फोल्डरमधील व्हॉर्टेक्सच्या डिप्लॉयमेंट नोंदीच्या फाइलमध्ये कोणती फाइल कोणत्या मॉडची, हेही लिहिलेले असते आणि ती नोटपॅडमध्ये वाचता येते. झिप फाइली शिल्लक असतील तर पुन्हा बसवणेच सोपे पडते, पण बसवताना निवडलेले पर्याय पुन्हा निवडावे लागतात.

भाच्याने सूचनेच्या खिडकीत काहीही दाबले नव्हते, त्यामुळे पुढचे काम सोपे झाले. डी ड्राइव्हवरचे फोल्डर परत आणण्याइतकी जागा सीवर उरली नव्हती, म्हणून एका जुन्या गेमला आधी निरोप द्यावा लागला. मग पर्ज, गेमचे स्थलांतर, नवा पत्ता आणि डिप्लॉय या क्रमाने सगळे केले. संध्याकाळी त्याने सी ड्राइव्हच्या मोकळ्या जागेचा फोटो पाठवला, आणि पाठोपाठ विचारले की डाउनलोडचे फोल्डर जुन्या हार्ड डिस्कवर आजच नेले तर चालेल का.