बोका डूख धरतोय की त्याला दुखतंय?

आमचा बोका गुंड्या अकरा वर्षांचा असताना अचानक शी-शूचा ट्रे सोडून ट्रेच्या अगदी शेजारी, फरशीवर शी करायला लागला. पाहुणे येऊन गेले म्हणून हा डूख धरतोय, अशी माझी पक्की समजूत. तीन आठवडे मी ट्रेमधली वाळू (लिटर) बदलत बसले, दोनदा ओरडलेसुद्धा. मग एका सकाळी जमिनीवर बसून नीट पाहिलं. पुढचे दोन पाय ट्रेत गेले, मागचा उजवा अर्धा उचलला, तसाच थांबला आणि गुंड्या उलटा बाहेर आला. ट्रेची कड सहा इंचांची! एक्स-रेमध्ये खुब्याचे दोन्ही सांधे झिजलेले निघाले.

तेव्हापासून वागणं बदललं की आधी दुखणं शोधायचं, खोडी नंतर. हे घरी कसं करायचं ते सांगते.

जनावर ठणठणीत असतानाच त्याच्या सवयी लिहून ठेवा. कुठे झोपतं, कशावर उडी मारतं, कोणाला पोट खाजवू देतं. पाणी मोजून ठेवा. मांजर दिवसाला किलोमागे 50 मिलिलिटरच्या वर पाणी पीत असेल, म्हणजे चार किलोचं मांजर 200 च्या वर, तर रक्त-लघवीची तपासणी हवी. गाढ झोपेत श्वासही मोजा. छाती वर-खाली झाली की एक. अर्धा मिनिट मोजून दुप्पट करा. कुत्रा असो वा मांजर, आकडा सतत 30 च्या पुढे जात असेल तर डॉक्टरांना फोन करा.

मांजराचा चेहरा वाचायची एक पद्धत मॉन्ट्रियल विद्यापीठातल्या संशोधकांनी 2019 मध्ये मांडली. कान, डोळे, तोंडाचा पुढचा भाग, मिशा आणि डोक्याची ठेवण, प्रत्येकाला 0 ते 2 गुण. कान बाहेर वळलेले, डोळे मिचकावल्यासारखे, मिशा ताठ, डोकं खांद्यांच्या खाली, ही दुखण्याची लक्षणं. दहापैकी चार किंवा जास्त गुण झाले तर दुखण्यावर औषध हवं असं धरतात. मांजर जागं पण शांत असताना बघा. खाताना, अंग चाटताना नाही. मी गुंड्याचे जुने फोटो काढून पाहिले. मिचमिचे डोळे सहा महिने आधीपासून होते, आणि आम्ही त्याला 'किती गोड' म्हणत होतो.

दवाखान्यात जाण्याआधी व्हिडिओ घ्या. टेबलावर भीतीने जनावर ताठ होतं, घरी लंगडणारा कुत्रा तिथे सरळ चालतो. जिना चढताना, उठून बसताना, खाताना असे अर्ध्या-अर्ध्या मिनिटाचे तुकडे पुरतात. सोबत तारीख सांगा. 'हल्ली चिडतो' यापेक्षा 'दहा दिवसांपासून डाव्या कानाला हात लावला की गुरगुरतो' याचा डॉक्टरांना जास्त उपयोग. (कानात जंतुसंसर्ग असला की असंच होतं.) आणि गुरगुरण्याबद्दल कुत्र्याला मारू नका. तो गुरगुरणं सोडेल आणि पुढच्या वेळी न सांगता चावेल.

म्हातारं मांजर रात्री ओरडत फिरतं, खातं भरपूर तरी वाळत जातं? वयाच्या माथी मारू नका. थायरॉइड आणि रक्तदाब तपासून घ्या.

एका बाबतीत व्हिडिओ-बिडिओ काही नको. बोका पुन्हा पुन्हा ट्रेत बसतोय, कुंथतोय आणि शू होत नाहीये, तर त्याच क्षणी उचला आणि दवाखाना गाठा, मध्यरात्र असली तरी. मूत्रमार्ग बंद झाला असेल तर एक-दोन दिवसांत जीव जातो.

घरातली वेदनाशामक गोळी तर मुळीच देऊ नका. पॅरासिटामॉलची एक गोळीही मांजराचा जीव घेऊ शकते.

गुंड्याच्या ट्रेची पुढची कड मी करवतीने कापून दोन इंचांवर आणली आणि काठ घासून गुळगुळीत केला. डॉक्टरांनी दुखण्यावरचं औषधही सुरू केलं. चौथ्या दिवशी फरशी स्वच्छ होती. पाहुणे अजून येतात. तो त्यांच्या मांडीवर झोपतो.