बालनाट्य बघणारं पोर टिपताना: एका शॉटचा माहितीपट

हर्झ फ्रँक या लाटवियन दिग्दर्शकाचा १९७८ सालचा 'दहा मिनिटांनी मोठा' हा कृष्णधवल माहितीपट म्हणजे एकच सलग शॉट. खेळ बघण्यात रंगलेल्या एका लहान मुलाचा चेहरा, बस. तो बघतोय ते काही दिसत नाही. कॅमेरा होता युरिस पोडनिएक्स यांचा. पुढे तेही दिग्दर्शक झाले. ३५ मिमीचं ३०० मीटरचं रीळ जेमतेम ११ मिनिटं पुरतं, तेव्हा बटण कधी दाबायचं हे आधीच ठरलेलं हवं. आता कार्डावर तासच्या तास मावतात, पण ठरवायचं काम सुटत नाही.

असा शॉट आपण घ्यायचा तर पुण्यात बालगंधर्वला किंवा भरत नाट्यला बालनाट्य लागलं की पहिला प्रयोग कॅमेऱ्याविना बघा. घड्याळ हातात घेऊन पोरं कधी दचकतात, कधी सुटल्यासारखी हसतात ते मिनिटानुसार टिपून ठेवा. भीती आणि सुटका दोन्ही येतील अशी दहा मिनिटं निवडा. मध्यंतराच्या आधीची नकोत, तेव्हा अर्धं लक्ष बटाटेवड्याकडे असतं. सगळे उभे राहून टाळ्या वाजवतात ते गाणंही टाळा.

कॅमेरा पहिल्या रांगेच्या कडेला, प्रेक्षकांकडे तोंड करून, मुलाच्या डोळ्यांच्या उंचीवर. कॅमेऱ्याच्या लाल दिव्यावर काळी टेप, अंगात काळे कपडे. तिसरी घंटा व्हायच्या आत सगळं लागलेलं असावं.

खरी फजिती फोकसची होते. फुलफ्रेम कॅमेरा, ८५ मिमी लेन्स, ४ मीटर अंतर: लेन्सचं छिद्र एफ २.८ ला ठेवलं तर धारदार दिसणारा पट्टा साधारण ३७ सेंटीमीटरचा. रंगलेलं पोर खुर्चीच्या टोकावर सरकतं तेव्हा फूटभर पुढे येतं, आणि नेमका तोच क्षण पुसट होतो. छिद्र लहान करून एफ ४ ला नेलं की हा पट्टा अर्ध्या मीटरच्या वर जातो, म्हणून तिथेच राहा. आयएसओ, म्हणजे कॅमेऱ्याची प्रकाश टिपण्याची क्षमता, ६४०० पर्यंत गेला तरी चालेल. चित्रातले दाणे खपतात, पुसट डोळे खपत नाहीत. ऑटोफोकस बंद, बोट फोकसच्या रिंगवर. ऑटो आयएसओही बंद, नाहीतर रंगमंचावर अंधार झाला की कॅमेरा आपणहून चेहरा उजळतो आणि अंधाराची मजाच जाते. एक्सपोजर सर्वांत उजळ प्रवेशावर बेता. सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५० सेकंद. आपली वीज ५० हर्ट्झची, १/६० ठेवलं तर काही दिव्यांत चित्र लपलपतं.

सेकंदाला १०० मेगाबिटने रेकॉर्ड केलं तर दहा मिनिटांचे साडेसात जीबी होतात. पाच मिनिटं आधीच रेकॉर्डिंग सुरू करा.

नाटकाच्या निर्मात्यांची आणि नाट्यगृहाची परवानगी तर हवीच, शिवाय पालकांची लेखी, तीही चार-पाच कुटुंबांची. कारण एखादं पोर आईच्या कुशीत झोपून जातं. आणि तुकडा पाहून आईबाबा 'नको' म्हणाले, तर तो कुठेही दाखवता येणार नाही.