दागिने परत मागायला बसण्याआधी: मोडीची पावती शोधा

माझ्या मामेबहिणीची घटस्फोटाच्या अटी ठरवायची बैठक पुढच्या महिन्यात आहे. तिच्यासाठी वहीत यादी करायला बसले आणि चार वर्षांपूर्वी माझ्या घटस्फोटात मी स्वतः काय घालवून बसले ते परत आठवलं. म्हणून इथेही लिहिते.

लग्नातली बिलं, अल्बम, व्हिडिओ सगळ्यांनाच सुचतात, ते काढा. पण फोटो बघून निवडा. अक्षता पडतानाच्या फोटोत हार आणि शालू यांत गळा झाकलेला असतो, काही दिसत नाही. साखरपुड्याचे, ओटी भरतानाचे फोटो घ्या. ठुशी कुठली, चिंचपेटी कुठली ते त्यात ओळखू येतं.

आता मोडीची पावती, म्हणजे जुना दागिना मोडायला दिल्यावर सोनार देतो ती. लग्नातले दागिने लग्नातल्यासारखेच राहत नाहीत. आईनं घातलेल्या पाटल्या आणि बोरमाळ मी तिसऱ्या वर्षी गुजरीत, म्हणजे आमच्या सराफ पेठेत, मोडायला दिल्या आणि साज करून घेतला. वरचे पैसे सासऱ्यांनी भरले, म्हणून बिल त्यांच्या नावावर. माझं जुनं सोनं किती वजनाचं धरलं, घट किती गेली, हे सगळं मोडीच्या पावतीवर होतं, आणि ती मी मागून घेतलीच नाही. बैठकीत सासरच्यांनी बिल पुढे ठेवलं: साज, २०१६, सासऱ्यांचं नाव. माझ्याकडे होते पाटल्यांचे फोटो. "मग पाटल्या दाखवा की," म्हणाले. पाटल्या कुठून दाखवणार? त्या साजातच होत्या. तारीख संपावी म्हणून मी साज सोडला.

तेव्हा लग्नानंतर जे जे मोडलं, बदललं, वाढवलं, त्या प्रत्येकाची मोडीची पावती शोधा. काही ठिकाणी मोडीची वेगळी पावती करतात, काही ठिकाणी नव्या बिलातच खाली वजावट दाखवतात, म्हणून बिलाचा खालचा भाग वाचा. पावती हरवली असेल तर दुकानात स्वतः जा, महिना-वर्ष सांगा, नक्कल मागा. आणि हे नोटीस जायच्या आधी करा. दोन्ही घरं एकाच सोनाराची गिऱ्हाइकं असतात. भांडण कोर्टात गेल्याचं कळलं की तो मधे पडायला तयार होत नाही.

वजन ग्रॅममध्ये लिहा. घरातल्या म्हाताऱ्यांचा तोळा ११.६६ ग्रॅमचा, दुकानातला दहाचा. दहा तोळ्यांत साडेसोळा ग्रॅमचा फरक पडतो आणि मग कुणीतरी खोटं ठरतं. साज, बोरमाळ यांत आत लाख असते, म्हणून एकूण वजन आणि निव्वळ सोनं वेगळं लिहा. साजाची पानं मोजून लिहा, पारंपरिक पुऱ्या साजात एकवीस असतात. जुलै २०२१ नंतरच्या हॉलमार्कच्या दागिन्यावर सहा अक्षर-अंकांचा एचयूआयडी, म्हणजे त्या नगाचा ओळख क्रमांक, असतो, तो भिंगातून बघून टिपून ठेवा. कधी सोनेतारण केलं असेल तर ती पावती सोन्यासारखी जपा. बँकेनं किंवा पतसंस्थेनं स्वतः काढून घेतलेलं वजन त्यावर असतं. दागिना अजून तारण असेल तर कर्ज कोण फेडणार ते आधी ठरवा. लॉकर कधी कुणी उघडला त्याची नोंद बँकेत असते, तीही मागा.

"आम्ही घातलेलं आमचं" हे ऐकून घेऊ नका. लग्नात मुलीला दिलेलं स्त्रीधन तिचंच, मग ते माहेरचं असो की सासरचं. सर्वोच्च न्यायालयानं १९८५ मध्ये प्रतिभा राणी खटल्यात हे स्पष्ट केलं आणि २०२४ मध्ये पुन्हा सांगितलं. नवऱ्याला घातलेली अंगठी-गोफ मात्र त्याचं, ते यादीत घुसडू नका, बाकीच्या यादीवरचा विश्वास जातो. मागणी मुलीनं स्वतः करायची. तिनं अधिकार दिल्याशिवाय वडिलांना परस्पर दावा करता येत नाही, हेही न्यायालयानं २०२४ मध्येच सांगितलं आहे. आपल्याकडे मामा-काकाच पुढं होऊन बोलतात, त्यांना हे आधी सांगून ठेवा.

आणि मोडीची पावती. वकिलांकडे जाताना तीच फाइलमध्ये सगळ्यांत वर ठेवा. मी वकिलांना मोडीचं सांगितलंच नव्हतं, त्यांनी विचारलं नाही, विषय तिथंच बुडाला.

पुढचं थोडक्यात. परस्पर संमतीच्या घटस्फोटाच्या अर्जात "सर्व दागिने" असं मोघम नको, एकेक नग, वजन, द्यायची तारीख. दागिने हातात आल्याशिवाय "मिळाले" लिहून देऊ नका. कोर्टात दुसऱ्यांदा, शेवटची संमती द्यायची तारीख असते, तिच्या आधी ताबा घ्या. काट्यावर घाला, दोन्हीकडचा एकेक माणूस समोर, सह्या, फोटो. देतच नाहीत म्हणाले तर कौटुंबिक हिंसाचार कायद्याच्या कलम १९ खाली मॅजिस्ट्रेट स्त्रीधन परत द्यायचा आदेश देऊ शकतात; अर्ज कसा करायचा ते वकील बघतील.

मामेबहिणीचे बिलवर २०१९ च्या दसऱ्याला मोडले असं मामी म्हणते. सोमवारी दुकान उघडायच्या वेळेला आम्ही तिघी गुजरीत जातोय.