काळपेटीत इडलीचं पीठ आंबतं, पण फुगत नाही: माझा अनुभव

माटुंग्यातल्या आमच्या काळ-पाक संस्थेत काळपेटी, म्हणजे आतला काळ बाहेरच्यापेक्षा कितीतरी वेगाने पळवणारी पेटी, वापरणाऱ्यांसाठी. लक्षण असं: 8 तासांचं आंबवणं 10 मिनिटांत उरकतं, पीठ आंबट ढाण होतं, पण पातेल्यात तसूभरही चढत नाही.

सोडा, मेथ्या, जास्तीचे उडीद, कशानेच फरक पडला नाही. अक्षरशः वीट आला होता.

गोम उष्णतेत निघाली. पिठाला आत 8 तास मिळतात, त्याच्या उबेला बाहेर पडायला मात्र 10 मिनिटंच. पीठ चाळिशी गाठतं. वायू सोडून फुगवणारे ल्यूकोनोस्टॉक जिवाणू 20 ते 30 अंशांत खूश असतात. उकाड्यात ते मागे पडतात आणि नुसतं आम्ल करणारे पुढे सरसावतात.

आता क्रम. डाळ-तांदूळ वेगवेगळे, पेटीबाहेर 5 तास भिजवा. आधी उडीद बर्फाच्या पाण्यात वाटा, मग तांदूळ. एकत्र करून हातानेच फेटा. स्वयंपाकघरातल्या मावशी हे केव्हाच्या सांगत होत्या. पातेलं निम्मंच भरा. ते पाण्याच्या टबात ठेवून टबासकट पेटीत सरकवा. मे महिन्यात मुंबईत टाकीचं पाणीच कोमट येतं, तेव्हा माठातलं घ्या. मग वेग चालू करा. आतला-बाहेरचा काळ जुळल्याचा हिरवा दिवा लागेपर्यंत झाकणाला हात लावू नका. मीठ सगळ्यात शेवटी, हलक्या हाताने.