जुनं दीक्षांत भाषण वाचायचं कसं?

आधी पाहा, भाषण कोणत्या विद्यापीठाचं आहे. कोल्हापूरचंच उदाहरण घ्या: तिथलं राजाराम कॉलेज १८८० चं, शिवाजी विद्यापीठ १९६२ चं. मधल्या काळात तिथल्या मुलांना पदवी मिळायची ती आधी मुंबईची, नंतर पुण्याची. त्यामुळे १९३० चं भाषण हवं असेल तर मुंबई विद्यापीठाचे खंडच मागवावे लागतात. कोल्हापुरात चौकशीची सुरुवात करवीर नगर वाचन मंदिर या ग्रंथालयातून करा.

समासात साल लिहा. त्यावरच पुढचं सगळं अवलंबून आहे. स्वातंत्र्यापूर्वी मुंबईचा गव्हर्नरच कुलपती असे, म्हणून त्या भाषणांतल्या 'कर्तव्या'त राजनिष्ठाही धरलेली असू शकते. १९५० नंतर श्रोता नागरिक झाला, तरी १९८९ पर्यंत मतदानाचं वय २१ होतं; विशीतल्या कित्येक पदवीधरांना मतच नव्हतं. मूलभूत कर्तव्यं घटनेत आली १९७६ च्या ४२व्या दुरुस्तीने. त्याआधीच्या वक्त्याच्या तोंडी ती घालू नका.

आता दोन पेन्सिली घ्या. स्वतःच्या वागणुकीचा उपदेश निळ्याने, समाजाबद्दलचं कर्तव्य लाल रंगाने अधोरेखित करा. प्रत्येक लाल वाक्याला विचारा: कोणी, कोणासाठी, नेमकं काय करायचं? 'समाजासाठी झटा' इथे उत्तर मिळत नाही. शाहू महाराजांचा १९१७ चा सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचा कायदा शेजारी ठेवा: मूल शाळेत न पाठवणाऱ्या पालकाला दरमहा एक रुपया दंड. कर्तव्य इतकं ठोस लिहिता येतं, हे एकदा दिसलं की पोकळ वाक्यं आपोआप डोळ्यांत भरतात.

बहुतेकांची चूक होते ती अवतरणांत. 'सत्यं वद, धर्मं चर' हा वक्त्याचा विचार म्हणून उतरवला जातो. ते शब्द तैत्तिरीय उपनिषदाच्या शिक्षावल्लीतले, अध्ययन संपवून निघालेल्या शिष्याला आचार्यांनी सांगितलेले. मूळ अनुवाक, म्हणजे उपनिषदातला तो परिच्छेद, काढून पुढे वाचा. तिथे आचार्य म्हणतात, आमची जी चांगली आचरणं असतील तीच घे, इतर नको. गुरूने स्वतःलाही तपासायला दिलं, ही त्या उपदेशातली सर्वांत मोलाची ओळ. वक्त्याने ती घेतली की गाळली, याची वेगळी नोंद करा. तो तरुणांकडून फक्त आज्ञापालन मागतो की विवेकही, हे त्यातून कळायला मदत होते.

शेवटी छापील मजकूर त्या आठवड्याच्या वर्तमानपत्राशी ताडून पाहा. भाषण बहुधा आधीच छापलेलं असतं. व्यासपीठावर गाळलेलं किंवा आयत्या वेळी जोडलेलं बातमीतच सापडतं.